मिक्सरच्या भांड्याचा प्रश्न आणि माझी इतर मालमत्ता

मी, भानुदास गंगाराम शिरसाट, वय वर्षे बहात्तर, पूर्वी मेकॅनिकल फिटर, सध्या निवृत्त, राहणार हेन्डरसन, ऑकलंड, हे मृत्युपत्र माझ्या स्वतःच्या हाताने, माझ्याच स्वयंपाकघरातल्या टेबलावर बसून लिहीत आहे. माझी बुद्धी शाबूत आहे. डावा गुडघा सोडला तर प्रकृतीही ठीक आहे. हे लिहिण्यासाठी माझ्यावर कोणी दबाव आणलेला नाही. उलट सून म्हणाली, "बाबा, आत्ता कुठे सगळं नीट झालंय, आणि तुम्ही हे काय काढलंत?" नीट झाले म्हणूनच लिहीत आहे. बिघडलेले असताना एकदा लिहिले होते. ते कसे झाले होते, हे पुढे येईलच.

१. ऑक्टोबर २०२३ मध्ये केलेले माझे मृत्युपत्र मी याद्वारे पूर्णपणे रद्द करतो. त्यात माझा मुलगा मैत्रेय याला काहीही देऊ नये व सर्व मालमत्ता माझी पुण्याची भाची सुनीती हिला द्यावी, असे लिहिले होते. तिला फोनवर सांगितले तेव्हा ती म्हणाली होती, "मामा, मला तुमचं भांडण वारसाहक्कात नको." तेव्हा मला तिचाही राग आला होता. आता तिचे बरोबर होते असे नमूद करतो.

२. ते भांडण कसे झाले हे या दस्तात लिहून ठेवणे मला गरजेचे वाटते. पुढे माझी नात इरा मोठी झाल्यावर तिला कोणी अर्धवट सांगू नये.

मी व माझी पत्नी कै. शैला १९९६ साली पिंपरीहून इथे आलो. ईस्ट टामाकीतल्या एका बिस्किटांच्या कारखान्यात मी यंत्रांच्या देखभालीला होतो. मोठ्या भट्टीचा पट्टा अडकला की मला बोलवायचे. पॅकिंगच्या लाइनवर कॉन्चेत्ता नावाची बाई होती, मूळची सिसिलीची. एकदा जेवणाच्या सुट्टीत तिने मला घरची बिस्किटे दिली. बाहेर पातळ खुसखुशीत पारी, आत अंजीर, मनुका, बदाम, संत्र्याची साल, दालचिनी, लवंग यांचे सारण, वर साखरेचा लेप आणि त्यावर आपल्या रंगीत बडीशेपेसारखे दाणे. नाव कुचिदाती. मी म्हणालो, "ही तर आमची करंजी." ती भडकली. "तुमची कशी? माझ्या आईची आहे." दुसऱ्या दिवशी शैलाच्या करंज्यांचा डबा तिच्यापुढे ठेवला. तिने एक खाल्ली, दुसरी खाल्ली आणि म्हणाली, "ठीक आहे. लांबच्या बहिणी." त्यानंतर तिने तिच्या घरी बोलावून चार रविवार मला ती करायला शिकवले. शैला हसायची, कारण तोपर्यंत मला चहाही धड जमत नव्हता. पण पीठ लाटणे हे मापाचे काम आहे, आणि माप मला कळते.

इराच्या सहाव्या वाढदिवसाला, नोव्हेंबर २०२० मध्ये, मी कुचिदाती केली. तेव्हा मी आणि शैला मैत्रेयकडे माउंट रॉस्किलला राहत होतो. सून आरुषीने आधीच बजावले होते, "बाबा, मुलं येणार आहेत, नट्स अजिबात नकोत." मी बदामाऐवजी सूर्यफुलाच्या बिया घातल्या. पण त्याच सकाळी कॉन्चेत्तासाठी बदामाचे सारण आधी वाटले होते, आणि मिक्सर एकच होता.

इराच्या वर्गातल्या टेसा नावाच्या मुलीने दोन बिस्किटे खाल्ली. केक खाल्ला, पावलोवा, म्हणजे वर क्रीम व फळे लावलेला इथला गोड पदार्थ, खाल्ला, फळे खाल्ली. थोड्या वेळाने तिचे ओठ सुजले, मग तिला श्वास घेता येईना. अँब्युलन्स आली. ती वाचली. हे वाक्य लिहिताना आजही माझे पेन थांबते.

त्या संध्याकाळी आरुषीने विचारले, "बाबा, भांडं धुतलं होतं का?"

मी आठवून पाहिले. नळ आठवला, हातात भांडे आठवले, पण ते त्या दिवशीचे की आदल्या दिवशीचे, ते सांगता येईना. मी म्हणालो, "माहीत नाही."

"माहीत नाही म्हणजे? एका मुलीचा जीव जात होता!"

मैत्रेय म्हणाला, "बाबा, निदान चूक झाली एवढं तरी म्हणा." मला ते म्हणता आले नाही. गर्व होता असे त्यांना वाटले. गर्व थोडा होताही. पण आयुष्यभर मी यंत्र उघडून बघितल्याशिवाय दोष कुठे आहे ते सांगितलेले नाही, आणि हे यंत्र उघडून बघायची काही सोय नव्हती. त्यानंतर इराला माझ्या हातचे काही द्यायचे नाही असा नियम झाला. कोणी मोठ्याने बोलले नाही, फक्त मी चिरलेले सफरचंद इराच्या ताटातून उचलले जायचे. तीन महिन्यांनी मी व शैला हेन्डरसनला या छोट्या घरात, इथल्या भाषेत युनिटमध्ये, राहायला आलो. टेसाचे कुटुंब तोवर ऑकलंड सोडून नेपिअरला गेले होते.

आजारपणात शैलाने एकदा मला विचारले, "खरं सांगा हो, धुतलं होतं का?" मी तेच उत्तर दिले. ती म्हणाली, "मग माहीत नाही एवढंच म्हणत राहा. कोणी दमवलं म्हणून कबूल करू नका." ऑगस्ट २०२३ मध्ये ती गेली. तिला खरे काय ते कळले नाही. या दस्तातील माझी एकमेव तक्रार हीच आहे, आणि ती कोणाविरुद्ध करावी ते मला माहीत नाही.

३. या वर्षी फेब्रुवारीत इरा सातवी-आठवीच्या इंटरमीजिएट शाळेत जाऊ लागली. दुसऱ्या आठवड्यातल्या एका दुपारी आरुषी एकटीच माझ्याकडे आली. पाच वर्षे ती दारापर्यंतच यायची, इराला सोडायची, गाडीत बसायची. त्या दिवशी तिने जँडल्स, म्हणजे रबरी चपला, काढून ठेवल्या.

"बाबा, आत येऊ?"

"ये की."

"ती टेसा आठवते?"

मी विचारले, "काय झालं तिला?"

"काही नाही, बरी आहे. ते लोक परत आलेत. ती इराच्याच वर्गात आहे." तिने श्वास घेतला. "काल डब्यात तिने बदाम आणले होते, बाबा. इराने विचारलं, तर ती म्हणाली, मला नट्स सगळे चालतात. मला किवीफ्रूट चालत नाही. मी तिच्या आईला फोन केला. नेपिअरला गेल्यावर टेस्ट केल्या तेव्हाच कळलं होतं त्यांना. बदाम नाही, काजू नाही, काहीच नाही. फक्त किवी." मग ती जवळजवळ ऐकू येणार नाही अशा आवाजात म्हणाली, "पावलोवावर किवी मी लावलं होतं."

मी तिथेच चपला घालायच्या बाकावर बसलो. पाच वर्षे रोज कोणीतरी छातीवर हात दाबून धरावा तसे होत होते, तो हात उचलला गेला. भट्टीचा पट्टा सुटला की आधी एक हिसका बसतो आणि मग सगळे सुरळीत फिरू लागते, तसे झाले. आरुषी रडत होती. मी म्हणालो, "चहा ठेव."

चहा घेऊन झाल्यावर ती म्हणाली, "मी तुम्हाला काय काय बोलले, बाबा."

"बोललीस. मीही मनात तुला बरंच बोललो आहे. तुला ऐकू आलं नाही, एवढाच फरक."

मी या कलमान्वये जाहीर करतो की त्या दिवशी जे घडले त्यात आरुषीचा कोणताही दोष नाही. किवीने असे होईल हे तिला, मला किंवा टेसाच्या आईबापांना ठाऊक नव्हते. माझ्यामागे कोणीही, मैत्रेयनेसुद्धा, हा विषय तिच्यापुढे काढू नये. न जाणता हातून झालेल्या गोष्टीचे ओझे काय असते हे मी पाच वर्षे पाहिले आहे. ते वारसाने पुढे देण्याची माझी इच्छा नाही.

भांडे धुतले होते की नाही, हे मात्र मला अजूनही माहीत नाही. आता त्याने झोप मोडत नाही.

४. हेन्डरसनचे माझे युनिट मैत्रेय व आरुषी यांना समान हिश्श्याने द्यावे. आरुषीचे नाव सून म्हणून लिहिलेले नाही, स्वतंत्रपणे लिहिलेले आहे, याची नोंद घ्यावी.

५. बँकेतली शिल्लक इराच्या शिक्षणासाठी ठेवावी. तिने इंजिनिअर व्हावे अशी अट नाही. शैलाच्या साड्यांपैकी पांढरी नऊवार सुनीतीला द्यावी. तिने माझे भांडण नाकारले, साडी नाकारू नये.

६. माझी हत्यारांची पेटी मैत्रेयला. तो कॉम्प्युटरमधला माणूस, त्याला पान्याची साइज कळत नाही, पण पेटी मुलाकडे राहावी असे वाटते. इथल्या गॅरेजच्या दाराची बिजागरी गेली पाच वर्षे कुरकुरते आहे, ती त्याने स्वतः दुरुस्त करावी. माणूस बोलावू नये.

७. माझा पोळपाट, लाटणे, कारखान्यातल्या पत्र्यातून मी कापून केलेले दोन ट्रे आणि नागमोडी कडा कापायचे कातण आरुषीला. मागच्या महिन्यात इथे अंजिरे पिकली तेव्हा आम्ही दोघांनी मिळून पाच वर्षांत पहिल्यांदा कुचिदाती केली. पीठ तिने मळले. ती मळते बरे, पण लाटताना घाई करते. इराने सारण चाखले आणि म्हणाली, "आजोबा, धिस इज सो गुड, व्हाय डिड यू स्टॉप?" आरुषी माझ्याकडे बघू लागली. मी म्हणालो, "गुडघा दुखत होता."

कृती शैलाच्या जुन्या वहीत माझ्या अक्षरात आहे. ती कोणालाही द्यायला हरकत नाही, मात्र कॉन्चेत्ताचे नाव सांगितल्याशिवाय देऊ नये. ती आता वृद्धाश्रमात असते, शहाऐंशी वर्षांची आहे. मधल्या वर्षांत मी दर गुरुवारी तिच्याकडे जायचो आणि दुकानातली बिस्किटे घरची म्हणून द्यायचो. ती खायची आणि काही बोलायची नाही. मार्चमध्ये खरी नेली आणि सगळी हकिगत सांगितली. ती म्हणाली, "मला वाटलं होतं तुझी बायको आजारी पडली, मग गेली, म्हणून तू सोडलंस. म्हणून विचारलं नाही." आणि दुसरे बिस्कीट घेत म्हणाली, "पारी जाड झाली आहे, भानू."

८. जगदीश वाघमारे याच्याविषयी. इथल्या बुद्धविहारात चहाच्या वेळी मी डबा उघडला की तो म्हणायचा, "आधी अँब्युलन्सचा नंबर लावून ठेवा." लोक हसायचे. दोन वेळा मीही हसलो, तिसऱ्यांदा विहारात जाणे सोडले. त्याला माझ्या मालमत्तेतून काही मिळणार नाही. राग संपला असे लिहिणार होतो, पण खोटे कशाला लिहू, थोडा शिल्लक आहे. तरीही तो अंत्यविधीला आला तर त्याला पुढे बसवावे. त्याच्या गुडघ्याची अवस्था माझ्यापेक्षा वाईट आहे.

९. अंत्यविधी बौद्ध पद्धतीने, त्रिसरण-पंचशील घेऊन, साधेपणाने करावा. नंतर चहा ठेवावा. खाण्याचे जे काही ठेवाल त्याच्यापुढे पदार्थांची पूर्ण यादी ठळक अक्षरात लिहून ठेवावी. फळांचीसुद्धा.

१०. या मृत्युपत्राची अंमलबजावणी मैत्रेयने करावी. इंग्रजी अनुवाद वकिलांनी करून घ्यावा. कलम दोन व तीन लांबली आहेत म्हणून त्यांनी ती गाळू नयेत.

हे सर्व मी वाचून पाहिले आहे आणि मला मान्य आहे. डॉक्टर म्हणतात तब्येत उत्तम आहे. तेव्हा या दस्ताची कोणी घाई करू नये. मलाही घाई नाही.

साक्षीदारांविषयी: पहिले साक्षीदार माझे शेजारी श्री. गुरुनाथ पंडित. दुसऱ्या साक्षीदार टेसाची आई, श्रीमती जोआना मरे. आज त्या टेसाला घेऊन इराकडे आल्या होत्या आणि दोन्ही मुलींना घेऊन मला भेटायला इथपर्यंत आल्या. "आम्ही तुम्हाला तेव्हाच कळवायला हवं होतं," असे त्या तीनदा म्हणाल्या. मी म्हटले, तुमची मुलगी सांभाळण्यात होतात. मग सही कराल का विचारले. त्या म्हणाल्या, "मला यातलं एक अक्षरही वाचता येत नाही." मी सांगितले की साक्षीदाराने कागद वाचायचा नसतो, माणूस शुद्धीवर आहे एवढे बघायचे असते. त्यांनी माझ्याकडे बराच वेळ बघितले आणि पेन घेतले. साक्षीदाराच्या घरच्यांना मृत्युपत्रातून काही न देणे बरे, असे वकील म्हणतात. त्यामुळे टेसाला जे द्यायचे ते मी आजच डब्यात भरून दिले.

सही: भानुदास गंगाराम शिरसाट

आम्हा दोघांच्या समक्ष सही झाली, तेव्हा श्री. शिरसाट पूर्ण शुद्धीवर होते व स्वयंपाकघराच्या दारातून मुलींना "ओट्यावर चढू नका" असे ओरडून सांगत होते.

साक्षीदार १: गुरुनाथ पंडित
साक्षीदार २: जोआना मरे

स्थळ: हेन्डरसन, ऑकलंड
दिनांक: १२ एप्रिल २०२६, रविवार