एक धडक, चार अपघात

ती. वन्संना साष्टांग नमस्कार (डावं मनगट अजून पुरतं वाकत नाही, तेव्हा तूर्त एक अंग वजा धरावं).

तुमचं पत्र परवा मिळालं. नवी कवळी बसली हे वाचून बरं वाटलं. ती हलते म्हणून हल्ली कमी बोलता असं लिहिलंत, पण पत्र सात पानी आहे, तेव्हा काळजी नाही. माझी तब्येत उत्तम. भूक लागते, झोप लागते, वाचनालयाची पुस्तकं वेळेवर परत जातात. तुम्ही माझ्यासाठी मागची खोली रिकामी केलीत, खिडकीला पडदा लावलात आणि "आता एकटीने राहणं पुरे, ती सायकल कुणाला तरी देऊन टाक" असं बजावलंत. तुमच्या मायेबद्दल शंका नाही. पण ही सगळी तयारी चार अपघात झालेल्या बाईसाठी आहे, आणि मला झालाय एक. बाकीचे तीन कुठून आले ते सविस्तर लिहिते, कारण तुमच्या भाच्याने फोनवर सांगितलं ते अर्धवट आहे, आणि उरलेलं अर्धं तुम्ही मनाने भरलंय.

झालं ते असं. मी वाचनालयातून परत येत होते. कॅरिअरवर पाच पुस्तकं बांधली होती, त्यातलं वरचं सरकल्यासारखं वाटलं म्हणून मागे वळून पाहिलं. पुस्तक जागच्या जागी होतं. पुढे पाहिलं तेव्हा मात्र इस्पितळाच्या फाटकासमोर उभी असलेली रुग्णवाहिका फार जवळ आली होती (ती उभीच होती, जवळ मी गेले होते, हे मी कुठेच नाकारलेलं नाही). ड्रायव्हर बाहेर चहा पीत होता. त्याने मला उचलून त्याच गाडीत घातलं, फाटकातून आत नेलं, आणि एवढंच म्हणाला, "काकू, फोन केला असतात तर मीच आलो असतो." मनगटाचं हाड मोडलं होतं. प्लास्टर घातलं. यापुढे मी तीन वेळा इस्पितळात गेले: आठवड्याने प्लास्टर तपासायला, सहाव्या आठवड्यात ते कापायला आणि नवव्यात व्यायाम शिकायला. तिन्ही वेळा पायी गेले आणि पायी आले.

आता इस्पितळात डॉक्टर जे लिहितात ते कुणी तसंच्या तसं पुढे पाठवत नाही. तळमजल्यावर एक्स-रेच्या शेजारच्या खोलीत कोडिंगवाले गृहस्थ बसतात. ते डॉक्टरांचं लिखाण वाचून त्याची अक्षरं आणि आकडे करतात, आणि ते विमा कंपनीला जातात. काय मोडलं त्याचा एक कोड, कशाने मोडलं त्याचा दुसरा. त्यासाठी त्यांच्याकडे उशीएवढं जाड पुस्तक आहे, आणि त्यात वाहनांच्या अपघातांचं आख्खं प्रकरण आहे. वाट बघता बघता ते मी वाचून काढलं (शाळा चौथीत सुटली त्याची भरपाई अजून चालू आहे, छापलेलं दिसलं की मला राहवत नाही). घोडागाडीतून पडलेले वेगळे, घोड्यावरून पडलेले वेगळे, बसमध्ये चढताना पडलेले आणखी वेगळे. माणूस कसकसा पडू शकतो याचा इतक्या शांतपणे विचार केलेलं दुसरं पुस्तक माझ्या वाचनात नाही.

घोळ झाला तो कोडच्या शेवटच्या अक्षरात. इलाज नवा असेल तर ए. नंतर नुसती तपासणी असेल, जखम भरत असेल, तर डी. आणि जखम भरून गेली पण मागे काहीतरी कायमचं राहिलं, तर एस. कॉम्प्युटर आपल्या मनाने ए घालतो, माणसाने तो बदलायचा असतो. गृहस्थांनी तो तिन्ही वेळा बदलला नाही. कागदावर मी नऊ आठवड्यांत चार वेळा सायकलवरून जाऊन त्याच उभ्या रुग्णवाहिकेला धडकले. विमा कंपनीने विचारलं, असे करण्यामागचे कारण कळवावे. ड्रायव्हरला वरच्या साहेबांनी बोलावून घेतलं, की तू गाडी रोज त्याच जागी का लावतोस. आणि विम्याच्या कागदांची एक प्रत तुमच्या भाच्याकडे जाते, त्याने फोन केला: "आई, चार? आणि मला एकच सांगितलास?" मी म्हटलं, अरे, एकच आहे. तो म्हणाला, "लपवू नकोस, छापलंय." मी आयुष्यभर छापलेल्यावर विश्वास ठेवत आले, तोही माझ्यावरच गेलाय.

मग मी गृहस्थांकडे गेले. त्यांना फार वाईट वाटलं. इतकं, की त्यांनी चारही ठिकाणी डी करून टाकला. आता कागदावर माझ्या तीनाच्या चार तपासण्या झाल्या, पण अपघात एकही नाही. कंपनीचं पुन्हा पत्र: मूळ घटना कधी घडली? भाच्याचा पुन्हा फोन, या वेळी आनंदाने: "म्हणजे तू पडलीच नव्हतीस?" वन्सं, आधी तीनदा पडले नाही हे सिद्ध करायला गेले होते, आता एकदा पडले हे सिद्ध करायला गेले. ड्रायव्हरने साक्ष दिली. अखेर गृहस्थांनी माझ्यादेखत एक ए आणि तीन डी घातले, मी त्यांच्या खांद्यावरून वाचलं, आणि त्याची प्रत सोबत जोडली आहे.

त्या एसबद्दल मात्र मी घरी येऊन विचार करत बसले. तुमच्या भावाला जाऊन सहा वर्षं झाली. तुम्ही दारात पाऊल ठेवताच रडू लागता, अगदी काल घडल्यासारखं. म्हणजे तुमचा दर वेळी ए (रागावू नका, मला ते आवडतं, दुसरं कुणी आता रडत नाही). शेजारी विचारायचेच थांबले, त्यांच्या लेखी मी बरी झाले. मी स्वतः डी लावते. भरतंय, तपासणी चालू आहे. एस लावायची मला घाई नाही.

तर खोलीचा विचार सोडावा. मी इथे ठीक आहे, सायकल माझी आहे आणि ती कुणालाही दिली जाणार नाही. घरातल्या सगळ्यांना नमस्कार, लहानांना आशीर्वाद.

तुमची
वहिनी

ता. क. पडदा काढू नका. राहायला नाही, पण पाहायला येईन.

ता. क. दुसरा. हे भाच्याला सांगू नये. त्याला मी सांगितलंय की मी पूर्वीसारखी सायकल चालवते. त्या धडकेपासून मी तिच्यावर बसलेले नाही. रोज सकाळी पुसते, कॅरिअरला पुस्तकं बांधते आणि हाताने ढकलत वाचनालयात नेते, तशीच परत आणते. लोकांना वाटतं चाक पंक्चर आहे. एकदा पाय टाकला, आणि तसाच खाली घेतला. मी चौपन्नाव्या वर्षी सायकल शिकले तेव्हा तुमचा भाऊ महिनाभर कॅरिअर धरून मागे पळाला होता. आता धरायला कुणीतरी हवं, आणि ज्याच्यासमोर पडायची लाज वाटणार नाही असं माणूस तुमच्याशिवाय उरलेलं नाही. तुम्ही रोज मैदानाला पाच फेऱ्या मारता, तेव्हा जमेल. आठ दिवसांसाठी या. दारात काय रडायचं ते रडून घ्या, मग आपण मागच्या गल्लीत जाऊ, तिथे काही उभं नसतं. येताना बूट घालून या. चपला घालून सायकलीमागे पळता येत नाही, हे तुमच्या भावाने पहिल्याच दिवशी गटारात पडून दाखवलं होतं.