ब्रेकचा आठवडा

१८ फेब्रुवारी

चि. धाकट्यास, अ. उ. आ.

सुखरूप पोचले. फोनवर तू नुसता ‘हं’ म्हणतोस, म्हणून लिहिते.

कोर्टाचा निकाल लागल्याची बातमी मला तुझ्या कारखान्यात, लाकडाच्या भुशात बसून कळली, याची शाळेत सगळ्यांना मजा वाटली. बाकीच्या जणी म्हणे वर्गाबाहेर येऊन नाचल्या. आम्हा कंत्राटी शिक्षिकांना दरवर्षी आठवडाभर ब्रेक म्हणून घरी बसवतात, म्हणजे नोकरी सलग झाली असं म्हणायला नको. आम्ही पाळीपाळीनं जातो. या वेळची पाळी खरं तर चित्रकलेवालीची होती. पण मुलांची चित्रकलेची परीक्षा त्याच आठवड्यात आली, तिनं गळ घातली आणि मुख्याध्यापकांनी तोंडीच अदलाबदल करून हजेरीपटावर माझा ब्रेक लावला.

आम्हाला कायमची नेमणूक द्या, असं कोर्टानं सरकारला सांगितलंय. मला आधी काय आठवलं असेल? कपाट. शिक्षकखोलीतलं कपाट फक्त कायम शिक्षकांना मिळतं. इतकी वर्षं माझे नकाशे, कंपास, तपासायच्या वह्या, सगळा संसार टेबलाखालच्या पिशवीत आहे. झाडणाऱ्या मावशी रोज ती उचलतात आणि पुन्हा तिथंच ठेवतात.

भाचीला पाढे म्हणायला लाव. जीव लावतोस तसाच लावत राहा.

तुझी,
ताई

१ मार्च

ती. ताईस, सा. न. वि. वि.

पत्र तुझ्या भाचीनं मोठ्यानं वाचून दाखवलं. पाढ्यांची ओळ तेवढी गाळली.

कपाटाचं मी मनावर घेतलंय. सरकारी कपाटाचे पत्रे वह्यांच्या वजनानं वाकतात, म्हणून आत बसवायला चांगल्या सागाच्या फळ्या रंधून ठेवल्यात. माझी खुर्ची डुगडुगते असं तू जगाला सांगत सुटतेस ना, आता या फळ्या बघ. आतली मापं कळव. नेमणुकीची ऑर्डर आली की लगेच लिही. इथं सगळे वाट बघतोय.

तुझ्या मायेवर हक्क सांगणारा,
धाकटा

९ जून

चि. धाकट्यास, अ. उ. आ.

मापं कळवली नाहीत, कारण कपाट मिळणार नाही. ऑर्डरी निघाल्या. शाळेतल्या सगळ्या कंत्राटी जणींची नावं आहेत, माझं नाही.

कार्यालयात जाऊन विचारलं. कारकून तसा वाईट नाही, बसायला खुर्ची दिली. म्हणाला, कोर्टानं निकालाच्या दिवशी सेवेत असलेल्यांना घ्या असं सांगितलंय, आणि त्या दिवशी तुम्ही सेवेत नव्हता. मी म्हटलं, ब्रेक तुमच्याच कार्यालयानं दिला होता. त्यावर तो म्हणाला की म्हणूनच तर तुमचं नाव बसत नाही.

चित्रकलेवाली घरी येऊन रडली. तिचं काही चुकलेलं नाही हे मला कळतं, तरी तिचा राग येतो. मी तिला पाणीसुद्धा विचारलं नाही. हे फक्त तुलाच सांगते. रागावू नकोस.

तुझी,
ताई

२० जून

ती. ताईस, सा. न. वि. वि.

पत्र वाचलं आणि दिवसभर हातून काम झालं नाही. तू गप्प बसू नकोस. पाळी आपली होती असं चित्रकलेवालीनं लिहून द्यावं. वकिलाला भेट. लहानपणी मला कुणी ढकललं की तू शाळेच्या फाटकाशी पदर खोचून भांडायचीस. मग स्वतःसाठी भांडायला काय होतं? फळ्या मी तशाच ठेवल्यात, गिऱ्हाईक मागत होतं तरी दिल्या नाहीत.

तुझाच,
धाकटा

४ सप्टेंबर

चि. धाकट्यास, अ. उ. आ.

भांडले रे. चित्रकलेवाली लिहून द्यायला तयार झाली. वकील म्हणाले, तसं केलं तर कार्यालय दोघींचीही हजेरी खोटी ठरवेल आणि तिचीही नोकरी जाईल. तरी तिनं सहीसाठी पेन उघडलं. तेव्हा माझा राग गेला. मी तिच्या हातून पेन काढून घेतलं आणि एकटीच्या नावानं अर्ज केला.

कोर्टात सरकारी वकिलांनी सांगितलं की निकालाचं तंतोतंत पालन झालं आहे. ते खोटंही नाही. मला नव्यानं दावा लावायला सांगितलंय, म्हणजे पुन्हा पहिल्यापासून. तोवर शाळेत कायम शिक्षक आले म्हणून कंत्राटी जागाच बंद केली.

काल शेवटचा तास घेतला. पिशवी भरताना मुलांनी विचारलं, बाई, ब्रेकवर चाललात का. माझ्या तोंडून हो निघून गेलं. मग पुढच्या आठवड्यात भेटू म्हणाले आणि बाकं सरळ करून घरी गेले.

रविवारी येते. पिशवी जड आहे, घ्यायला ये. त्या फळ्या तुझ्या घरात भिंतीला ठोकून ठेव. परतीचं तिकीट या वेळी काढलेलं नाही.

आता रोज तोंड बघायचंय, तेव्हा लोभ जरा पुरवून वापर.

तुझी,
ताई