घरात पुन्हा चखणा

७ डिसेंबर, रविवार

सपनानं आज जेवताना बॉम्ब टाकला. तिच्या ऑफिसातल्या गंधाली मॅडमना वर्षअखेरीला लोकांना वाटायला "कॉकटेल नट्स" हवेत. घरी केलेले. चाळीस डबे! आणि ही बया सांगून मोकळी — "माझी आई करेल."

म्हटलं, ते असतं काय?

"बदाम, काजू, शेंगदाणे गं. वर पाकाचं चकचकीत कव्हर. चव मात्र मोहितोची, ब्लडी मेरीची... दारू नाही हां आई, फक्त चव!"

मी म्हटलं, ह्याला आपल्यात चखणा म्हणतात.

पोरगी खाली बघून भात कालवू लागली. कारण तिला माहीत आहे. भाऊरावांनी दारू सोडली त्याच आठवड्यात मी शेंगदाण्याचा डबा आणि ती त्यांची छोटी स्टीलची वाटी भंगारवाल्याला देऊन टाकली होती. त्याला नऊ वर्षं होतील ह्या महिन्यात. तेव्हापासून ह्या घरात खारा शेंगदाणा आलेला नाही. चिवड्यातसुद्धा नाही. शेजारची रत्नप्रभा म्हणते, "शकु, तुझा चिवडा म्हणजे नुसता भुसा गं." असू दे भुसा.

(बोलताना मी त्यांना अहो म्हणते. वहीत नाव लिहिते. वहीत हिंमत जास्त असते.)

८ डिसेंबर, सोमवार

सकाळी चहा देताना विचारून टाकलं. करू का हे? तुम्हाला चालेल?

म्हणाले, "शेंगदाण्यानं मला कधी प्यायला लावलं नाही. मीच प्यायचो. कर तू."

असं सरळ बोलणारा माणूस मला वयाच्या पन्नाशीत मिळाला. लग्न एकविसाव्या वर्षी झालं होतं. उशिरा का होईना, मिळाला.

१० डिसेंबर, बुधवार

वाट लागली! गोळीबंद पाक केला, चिक्कीसारखा. मला तेवढंच येतं. बदामांची एक अख्खी लादी झाली. वरवंट्यानं फोडली तर बदामांचा भुगा आणि एक तुकडा थेट फ्रिजखाली.

सपनाने फोनवर व्हिडिओ दाखवला. पाक करायचाच नाही म्हणे. अंड्याचं पांढरं फेसायचं, त्यात पिठीसाखर, मीठ, मसाला. दाणे घोळवायचे आणि ओव्हनमध्ये मंद भाजायचे. मधे दोनदा हलवायचे, नाहीतर परत लादी.

भाऊराव सकाळीच अंधेरीला गेलेले, ते दुपारी चारला आले. कुठल्यातरी सोसायटीची लिफ्ट अडकली होती म्हणे. रिटायर झाले तरी लोक त्यांनाच बोलावतात. चेहरा उतरला होता. लादीचा तुकडा दिला तर चघळत म्हणाले, "कवळी असती तर आज गेली असती."

११ डिसेंबर, गुरुवार

मोहितो जमला! लिंबाची साल किसून, पुदिना सावलीत वाळवून चुरा, चिमूटभर काळं मीठ. बदामाला असा काही वास लागला की वाऱ्यानं दिशा बदलली, डम्पिंग ग्राउंडच्या कचऱ्याचा भपका आला, तरी मी खिडकी लावायची विसरले.

ब्लडी मेरी म्हणजे टोमॅटोची पावडर, लाल तिखट, मिरी, सेलरी. ही मेरी कोण, ती रक्तबंबाळ का झाली, सपनाला काही माहीत नाही. सेलरीच्या जागी मी ओवा घातला. झकास. शेंगदाण्यावर काय चढतंय ते!

पहिला दाणा मीच तोंडात टाकला. खारा शेंगदाणा. माझ्या घरात. डोळे मिटून चावला, आणि मग काहीच झालं नाही. कुरकुरीत होता, बस.

१३ डिसेंबर, शनिवार

तिसरा प्रकार अडला होता. कॉफीचा. सपना म्हणाली कॉफीचं कॉकटेल खूप चालतं हल्ली. मी काजूवर कॉफी, गूळ, थोडा कोको लावून बघितला. ठीक. पण नुसती कॉफीच लागत होती. मी आयुष्यात दारूचा थेंब घेतलेला नाही, मला कसं कळणार काय कमी आहे?

भाऊराव ओट्याशी आले. वाडगा नाकाजवळ धरला. खाल्लं नाही, नुसता वास घेतला. म्हणाले, "ती कॉफीवाली रम असते ना, जवळजवळ तसाच झालाय. तिला शेवटी व्हॅनिलाचा वास येतो. दोन थेंब टाक."

टाकले. आणि काय सांगू! तोच काजू एकदम सूट-बूट घालून आल्यासारखा झाला.

नवऱ्याच्या सगळ्यात वाईट दिवसांचा असा उपयोग होईल असं कुणी मला तेव्हा सांगितलं असतं तर मी लाटणं फेकून मारलं असतं. आज हसले. खूप दिवसांनी दोघं ओट्याशी उभं राहून हसलो.

१४ डिसेंबर, रविवार

विहारात वंदनेला गेले. "सुरामेरय" म्हणताना आज जीभ अडखळली. दारूला न शिवण्याचं पाचवं शील तोंडानं म्हणायचं आणि घरी जाऊन मोहितो भाजायचा! बाहेर आल्यावर विहारातल्या माणिकताईंना विचारलं. त्या म्हणाल्या, "चिंच बघून तोंडाला पाणी सुटलं म्हणजे चिंच खाल्ली असं होतं का? आणि एक पुडी इकडे आण."

दुपारी विशाल जेवायला आला. पोरगा पार्ट्या-लग्नं लावणाऱ्या कंपनीत आहे, अंधेरीला मित्रांबरोबर खोली घेऊन राहतो, आमच्या वाट्याला रविवारीच येतो. गालफडं बसलीत. म्हटलं, बघ तुझी आई बारवाली झाली! हसला, पण एक दाणा तोंडात टाकला नाही. "नको आई, ॲसिडिटी झालीय." वरणभात मात्र दोनदा घेतला. बापलेक गॅलरीत बराच वेळ बोलत बसले. पूर्वी एका खोलीत दोन मिनिटं थांबत नसत. किती बरं वाटलं.

१६ डिसेंबर, मंगळवार

सपनाने कॉफीचे काजू ऑफिसात नेले होते. मॅडम खूश. मी अभिमानानं सांगितलं, व्हॅनिलाची आयडिया तुझ्या बाबांची, त्या कॉफीवाल्या रमवरून.

सपना चप्पल काढता काढता थांबली. "आई, ती रम मागच्या वर्षी आमच्या ऑफिसच्या पार्टीत मी पहिल्यांदा बघितली. नवीन आहे ती. बाबांना तिचा वास कसा माहीत?"

मी कांदा चिरत राहिले.

१७ डिसेंबर, बुधवार

सकाळी त्यांचा शर्ट हुंगला. टॉवेल हुंगला. टाकीमागे हात घालून बघितलं, पिठाच्या डब्यात, गादीखाली. नऊ वर्षांत एकदाही केलं नव्हतं, पण हातांना सगळ्या जागा पाठ आहेत.

काही नाही. स्वतःचीच लाज वाटली.

१८ डिसेंबर, गुरुवार

सापडली. हत्यारांच्या पिशवीत, पान्यांच्या खाली, फडक्यात गुंडाळलेली. रिकामी. झाकण उघडलं — कॉफी, आणि शेवटी व्हॅनिला.

१९ डिसेंबर, शुक्रवार

कालचं पूर्ण लिहिता आलं नाही. आज लिहिते.

मी बाटली जेवणाच्या टेबलावर ठेवली आणि समोर बसले. भाऊराव अंघोळ करून आले. बघितलं. ओरडले नाहीत, सारवासारव नाही. खुर्ची ओढून बसले.

"माझी नाही."

अरे देवा! तेच शब्द. पूर्वी कपाटात सापडली तरी "माझी नाही," खिशात सापडली तरी "माझी नाही." एकदा तर हातात धरून म्हणाले होते, माझी नाही!

मी म्हटलं, मग कुणाची?

"ते मला सांगता येत नाही, शकु. मीटिंगमधलं मीटिंगमध्ये राहतं, तुला माहीत आहे. एक जण आहे. त्यानं ती माझ्या हातात दिली, अर्धी होती. मी मोरीत ओतली. बाटली त्याच्या खोलीत ठेवायची नव्हती म्हणून पिशवीत टाकली, आणि काढायची विसरलो. पुढचं त्यानंच सांगायचं असतं, मी नाही."

हा नियम मला माहीत आहे. दारू सोडलेल्या लोकांच्या त्या मीटिंगला ते मंगळवारी आणि शनिवारी जातात. कोण येतं, काय बोलतं, ते नऊ वर्षांत एकदाही घरी बोलले नाहीत. मला त्याचं कौतुक वाटायचं. आज त्याच नियमाचा राग आला. इतका सोयीचा नियम!

"माझ्यावर विश्वास ठेव असं मी म्हणणार नाही," ते म्हणाले. "मी तुला तितकी वर्षं फसवलंय. पण रविवारी अठ्ठावीसला तू ये."

अठ्ठावीसला त्यांचा नऊ वर्षांचा वाढदिवस आहे. मीटिंगमध्ये दारू सोडल्याच्या दिवसाला वाढदिवसच म्हणतात. त्या दिवशी घरच्यांना यायची परवानगी असते, पदक मिळतं. मी दर वर्षी जाते. ह्या वर्षी जाऊ का? खोटं पदक असेल तर मी टाळ्या कशा वाजवू?

२० डिसेंबर, शनिवार

दोन ट्रे करपवले.

२१ डिसेंबर, रविवार

आज सकाळी दोन किलो शेंगदाणे सोलायचे होते. भाऊराव समोर येऊन बसले आणि सोलू लागले. एक तास. मी त्यांच्या हातांकडे बघत होते. पूर्वी सकाळी ह्या हातांत चहाचा कप राहत नसे, बशीत अर्धा सांडायचा. आज एकेक दाणा धरून साल काढत होते, बोटं जागच्या जागी, आणि मला बाकी कुठलाच पुरावा नको झाला. दारू पिणाऱ्याचे हात मी ओळखते. पंचवीस वर्षं तेच शिक्षण झालंय माझं.

म्हटलं, येईन मी अठ्ठावीसला.

त्यांनी सालींवर फुंकर मारली, सगळ्या माझ्या साडीवर आल्या.

२२ डिसेंबर, सोमवार

विश्वास ठेवायचं ठरवल्यावर अंग किती हलकं होतं! आज सहा ट्रे निघाले. एकही लादी नाही.

दिवसभर त्या "एक जण"चा विचार करत होते. कुणाचा तरी नवरा असेल, कुणाचा तरी मुलगा. अर्धी बाटली स्वतःच्या हातानं दुसऱ्याला देणं म्हणजे काय, ते मला ठाऊक आहे. आणि भाऊराव अंधेरीला जातात ते लिफ्टसाठी नसणार, तेही आज लक्षात आलं. काल जेवण झाल्या झाल्या गेले, परवाही गेले होते. ह्या वयात दुसऱ्याच्या पोराला सावरायला दोन गाड्या बदलून जातात. माझा नवरा. ज्याला मी स्टेशनच्या पायऱ्यांवरून उचलून आणला होता तो.

२४ डिसेंबर, बुधवार

चाळीस डबे गेले! सपनाने रिक्षात मांडीवर घेऊन नेले. रत्नप्रभा रिबिनी बांधायला येऊन बसली होती, निम्मे शेंगदाणे तिनेच खाल्ले. "भुशापासून इथवर आलीस बाई!" म्हणाली.

गंधाली मॅडमचा फोन आला. कॉफीचे काजू कुणी शिकवले विचारत होत्या. म्हटलं, आमच्या मिस्टरांनी. त्यांचं नाक फार तयार आहे.

आज मला सगळ्यांचे आभार मानावेसे वाटताहेत. सपनाचे, माणिकताईंचे, त्या फुटक्या लादीचेसुद्धा. एवढ्या वर्षांची भीती मी डब्यात बंद करून ठेवली होती, तिला आता चव लागलीय.

२७ डिसेंबर, शनिवार

उद्याच्या मीटिंगसाठी मोठा डबा भरला. भाऊराव म्हणाले, चखणा घेऊन तिथे कोणी जात नाही गं! म्हटलं, म्हणूनच नेते. घाबरायचं कशाला दाण्याला?

एक छोटी डबी वेगळी भरली. मोहितो बदाम. म्हटलं, तुमच्या त्या माणसाची आई असेल ना, तिला द्या. तिला माझ्याकडून सांगा, दिवस लागतात, पण माणूस परत येतो.

त्यांनी डबी हातात घेतली आणि माझ्याकडे इतका वेळ बघत राहिले की मीच म्हटलं, काय झालं?

"देईन," म्हणाले.

२८ डिसेंबर, रविवार

पदक घेऊन भाऊराव जागेवर बसले नाहीत. मागच्या रांगेकडे बघून म्हणाले, "ये रे."

विशाल उठून पुढे आला. बापाच्या शेजारी उभा राहिला. आधी माझ्याकडे बघितलं.

"माझं नाव विशाल. मी दारुडा आहे. आज अठरावा दिवस."

सगळ्यांच्या टाळ्या थांबल्या तरी मी वाजवतच होते.