हिरव्या रंगाखालचा बोल्ट

२९ ऑक्टो. ८६, बुधवार

सकाळी वारासिवनीहून निरोप. राइस मिलमध्ये काल दुपारी तिथली मजूर पर्वताबाई शॉक लागून गेली. मेन स्विचच्या लोखंडी डब्याला हात लागला, तिथेच पडली. उकडायचा धान धुवून आली होती. हात ओले, पाय अनवाणी, फरशी ओली. चाळिशीची असेल. मी गेलो की "च्या पेता का, बाबूजी?" हे तीच विचारायची.

त्या मिलची वायरिंग माझी. परवाना माझा. दरवर्षीच्या तपासणीच्या फॉर्मवर सही माझी.

जेवण गेलं नाही. सौ.ला अपघात झाला एवढंच सांगितलं.

३० ऑक्टो.

वा.सि.ला जाऊन आलो. मिल बंद. खांबावरून लाइन काढायला लावली, मग डबा उघडला. आत उंदरानं कुरतडलेली वायर पत्र्याला टेकलेली. भुशाच्या जागी उंदीर असायचेच. त्यासाठीच तर अर्थिंग. पत्र्यात आलेली वीज जमिनीत जावी, फ्यूज उडावा, माणूस वाचावा. नियमाप्रमाणे दोन वेगळी अर्थिंग, दोन्ही मीच घातलेली, मीठ-कोळसा भरून. खड्डे ओले, तारा शाबूत. मग?

मीटर लावलं. डब्याचा आणि तारेचा काही संबंधच नाही. काटा हलेना.

दोन्ही बोल्ट काढले. तारेच्या टोकाखाली पत्र्यावर हिरवा ऑइलपेंट, जाड, गुळगुळीत. बोल्टच्या आट्यांतसुद्धा. रंगातून वीज जात नाही.

मिलचा मिस्त्री तुकाराम बाजूला उभा. म्हणाला, "दसऱ्याले म्याच रंगवला, बाबूजी. तारा सोडल्या, दोन हात मारले, वाळल्यावर पुन्हा कसल्या. पूजेले डबा नवा दिसला पायजे ना."

पिशवी उचलून निघालो. एरवी सैल स्क्रू दिसला तरी अर्धा तास डोकं खाणारा मी. येताना बसमध्ये हातांना पेंटचे कण. खिडकीबाहेर हात धरून बसलो होतो.

३१ ऑक्टो.

काल एक गोष्ट लिहायची टाळली.

दसऱ्याला मी तिथेच होतो. वार्षिक तपासणीलाच गेलो होतो. डब्याला झेंडूचा हार, धोक्याच्या पाटीवरच्या कवटीला कुंकू. मीटर पिशवीत. तुकाराम म्हणाला, "आज पूजेत बसवला हाय. आज नाही खोलत. उद्या खोला." रीतच आहे. आमच्या घरीही त्या दिवशी पकड-पेचकसाला कुणी हात लावत नाही. बरं म्हटलं. मागच्या वर्षीचे आकडे फॉर्मवर उतरवले, सही ठोकली, जिलबी खाल्ली. ते 'उद्या' राहूनच गेलं.

जिलबीचा द्रोण पर्वताबाईनं आणून दिला होता.

४ नोव्ह.

पर्वताबाईचा नवरा झिंगरू आला. पायरीवरच बसला, आत येईना. मिलचा शेठ सांगतोय, चूक बाईचीच. डब्याच्या कडीला शिदोरी अडकवायची, काढताना ओला हात लागला.

"सारा गाव तेच म्हणून राह्यला, बाबूजी. पोरीले बी म्हणतात, तुही माय आपल्या हातानं मेली. पोरगी शाळेत जाऊन नाही राह्यली. तुमी जाणकार. तिची गलती होती काय? मले तेवढंच सांगा."

मी म्हणालो, चौकशी चालू आहे.

"हौ," म्हणाला आणि उठला. चहा तसाच राहिला.

चौकशी म्हणे! माझीच मला किळस आली.

शिदोरी ती कैक वर्षं तिथेच अडकवत होती. एकदा मी हसत म्हटलंही होतं, बाई, ही खुंटी नव्हे. ती म्हणाली, "खाली ठेवली तं उंदरं खातात, बाबूजी." मी पुढे काही बोललो नाही. डब्यासमोर तीन फूट जागा मोकळी हवी, त्यावर काही टांगायचं नाही, हे शेठला लेखी द्यायला हवं होतं. भिंतीत एक खिळा ठोकून द्यायला काय लागत होतं मला?

७ नोव्ह.

शेठ स्वतः आला, मिठाईचा पुडा घेऊन. १२ला जबलपूरचे वीज खात्याचे इन्स्पे. येणार, मिलमध्येच जबाब. "बाई ने गीले हाथ से छुआ, बात खतम. आप भी यही लिख दो. आपका लाइसेन्स बचेगा, तुकाराम भी बच जाएगा."

शेवटचं वाक्य बरोबर वर्मी लागलं. तुकारामला तीन मुलं.

तो गेल्यावर सौ.नं विचारलं, त्या दिवशी तो माणूस पायरीवर काय विचारत होता? सगळं सांगितलं. दसऱ्यासकट. ती रडली, मग मीही. काय करायचं, ते मात्र तिनं सांगितलं नाही. सांगितलं असतं तर भांडता तरी आलं असतं. मिठाईचा पुडा ओट्यावर तसाच, कुणी उघडला नाही.

१० नोव्ह.

जबाब लिहिला, हिंदीत. पहिल्या तीन खर्ड्यांत रंग, रंग आणि रंग. म्हणजे तुकाराम. तिन्ही फाडले.

त्याला रंगवायला मीच सांगितलं होतं, गेल्या वर्षी. 'गंज धरला, रंग मारून घे.' बोल्टाखालचा पत्रा खरवडून उघडा ठेवायचा, हे सांगितलं नाही. त्यानं मन लावून रंगवला.

चौथा खर्डा चारच ओळींचा. दसऱ्याला तपासणी केली नाही. आकडे जुने उतरवले. तपासलं असतं तर दोष पाच मिनिटांत सापडला असता. मृत बाईची काही चूक नाही.

सही केली, पण वेळ लागला. तेवीस वर्षांत या सहीसाठी कधी विचार करावा लागला नव्हता.

१२ नोव्ह.

इन्स्पे. आलेच नाहीत. दुपारी कळलं, पुढली तारीख पंधरा दिवसांनी. सगळे पांगले. मला आधी सुटल्यासारखं वाटलं, ते का दडवू? आज सकाळी हिंमत होती. पंधरा दिवसांनी असेल? मला माझा भरवसा नाही. शेठ गाडीतून सोडतो म्हणाला. नको म्हटलं.

स्टँडवर झिंगरू. कटंगीकडल्या बसची वाट पाहत होता, खांद्यावर तिच्याच शिदोरीचं फडकं. पुन्हा विचारलं नाही त्यानं. "पुढच्या बारीले येसान ना, बाबूजी?" एवढंच.

खिशातून जबाब काढला, त्याच्या हातात दिला. त्यानं उलटसुलट करून पाहिला. वाचता येत नाही.

"याच्यात काय लिवलं हाय?"

"तुम्ही पायरीवर बसून विचारलं होतंत ना, त्याचं उत्तर. पोरीकडून वाचून घ्या. आणि हा कागद तुमच्यापाशीच ठेवा, मी मागितला तरी देऊ नका."

त्यानं कागदाची घडी केली, फडक्यात बांधली, वर गाठ मारली. बस आली, चढला. खिडकीतून माझ्याकडे पाहत राहिला.

मुलगी आठवीत आहे. हिंदी चांगली वाचते म्हणत होता.