आईला पत्र कोण वाचून दाखवतं

४ जून

चि. धाकल्यास अनेक आशीर्वाद. वि. वि.

तुझं पत्र पोचलं. फोनवर मला अर्धंच ऐकू येतं आणि उरलेलं अर्धं तू गिळतोस, त्यापेक्षा पत्र बरं. शेजारच्या भावजींनी ते दोनदा वाचून दाखवलं. दुसऱ्यांदा तर आवाज असा लावला, की जणू मला नोटीसच बजावतायत. हयात हेडक्लार्कीत गेली, आणि आता जावई तुमच्याच विद्यापीठात आस्थापना विभागात बसतो, तेव्हा एवढा ताठा असायचाच. हे लिहिताना त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडे बघितलं. म्हटलं, लिहा भावजी, अक्षर तुमचं, तोंड माझं.

तू लिहितोस सगळं ठीक आहे. ठीक असतं तर चार पानं हवापाण्यावर कशाला खर्च केली असतीस? लहानपणी काही फोडलंस की असाच गोड बोलायचास. सूनबाईही फोनवर नुसतं हो हो करते. भावजींच्या जावयाकडून कळलं, की तुमच्याकडे पगारावरून कोर्टकचेरी चालू आहे. मला समजेल अशा भाषेत लिही.

माया आहेच, ती वापर, साठवून ठेवू नकोस.

तुझी आई


१३ जून

ती. आईस शि. सा. न. वि. वि.

तुझ्यापासून लपवून उपयोग नाही. मी प्रयोगशाळेसाठी काचेच्या नळ्या, भांडी फुंकून घडवतो, हे तू गावभर सांगतेसच. काही वर्षांपूर्वी आमचं काम तांत्रिक ठरवून आम्हाला वरची वेतनश्रेणी दिली. आता म्हणतात, ती चुकून दिली. ती काढून घेणार आणि दिलेलं पगारातून कापून घेणार. सुतार, वायरमन आणि मी असे तिघे कोर्टात गेलो. निकाल लागेपर्यंत कोर्टाने स्थगिती दिली आहे. पण आमचं हे क्वार्टर वरच्या श्रेणीचं आहे. श्रेणी गेली की घर खाली करायचं. सूनबाई कुंड्यांना पाणी घालता घालता मध्येच थांबते आणि भिंतींकडे बघत राहते.

ऑफिस एकेकाला गाठून सांगतंय, की दावा मागे घेतो अशी सही द्या, वसुली माफ करू. सुताराची बायको आजारी आहे, त्याचा धीर सुटत चाललाय. हे ऑफिसला कळता कामा नये, नाहीतर आधी त्यालाच धरतील. मीही घाबरलोय, आई. परवा ज्योतीवर नळी धरली आणि हात असा थरथरला, की जवळजवळ पुरं झालेलं काम हातातच तडकलं. खोलीत कोणी नव्हतं. तुकडे मीच गोळा केले. सूनबाईलाही बोललो नाही, फक्त तुला सांगतोय.

काळजी करू नकोस असं लिहायची पद्धत आहे, म्हणून लिहितो.

तुझा धाकला


२६ जून

ती. आईस शि. सा. न.

हे पत्र वायरमन हातोहात आणतोय. तोच वाचून दाखवील. दुसऱ्या कोणाच्या हाती देऊ नकोस.

ऑफिसने सुताराला एकट्याला बोलावलं. बायकोच्या दुखण्याची चौकशी केली, प्यायला पाणी दिलं आणि सही घेतली. काल माझी पाळी होती. साहेब हसत हसत म्हणाले, की ज्याचे हात ज्योतीवर थरथरतात, हातातलं काम तडकतं, त्याने तांत्रिक श्रेणीसाठी कोर्टात कशाला जावं.  ते मी फक्त तुला लिहिलं होतं, वाचणारं कोण याचा विचारही न करता.

आई, माझी पत्रं अजून भावजीच वाचतात का?

पुढच्या आठवड्याअखेरपर्यंत सही द्या म्हणालेत. देऊन टाकावी असं वाटतंय. हल्ली दाराची कडी वाजली तरी दचकतो.

धाकला


२७ जून

चि. धाकल्यास आशीर्वाद.

वायरमन मीच लिहून देतो म्हणत होता. त्याला जेवू घालून वाटेला लावलं आणि भावजींना हाक मारली. हे पत्र तेच लिहितायत. इथे त्यांचं पेन थांबलं. म्हटलं, थांबू नका, एवढी वर्षं दुसऱ्यांचे कारनामे लिहिलेत, आज स्वतःचा लिहा.

त्यांनी नाकारलं नाही. म्हणाले, जावई इथे आला होता तेव्हा जेवताना बोलण्याच्या ओघात त्याला सांगितलं. जावयाची नोकरी अजून कायम व्हायची आहे, त्याने वरच्यांना खूश करायला पुढे पोचवलं. म्हणजे तोही भ्यालेला, हेही भ्यालेले, तू तर आहेसच. मीही भ्याले आहे. अक्षरं शिकले नाही, आयुष्यभर दुसऱ्याच्या डोळ्यांनी वाचत आले, आणि ते डोळे कोणाचे हे कधी विचारलं नाही. आताही मी सांगते तेच कागदावर उतरतंय की दुसरंच काही, हे मला कळायची सोय नाही. तरी यांनाच बसवलं. ज्यांनी पोचवलं त्यांना माझं म्हणणंही पोचवू दे.

सही करायची की नाही, ते तू आणि सूनबाई ठरवा. मात्र साहेब हसले म्हणून करू नकोस. घर गेलंच तर इथे माझी खोली आहे. अंग चोरून झोपावं लागेल आणि माझं घोरणं सोसावं लागेल, एवढंच.

पत्र पेटीत मी स्वतः टाकणार आहे. भावजींवर राग नाही असं म्हणणार नाही.

तुझी आई

ता. क. वहिनी चहा करायला आत गेल्या आहेत. त्यांनी सांगितलं तसंच लिहिलंय, एक शब्द गाळलेला नाही. हे पुढचं मात्र माझं. सही देऊ नकोस. वसुली माफ वगैरे सगळं तोंडी आहे. सुताराने दावा सोडल्याबरोबर त्याची स्थगिती संपली, आणि त्याच्या वसुलीचा आदेश टाईपही झाला. तो टाईप करणारा माझा जावई. हे त्यानेच सांगितलं. तुमच्या वकिलाला पत्र मिळताच गाठ, आणि हे पान फाडून टाक, नाहीतर पोराची नोकरी जाईल. वहिनी आतून विचारतायत, एवढा वेळ काय लिहिताय. मी सांगितलं, पत्ता.