थाळी वाजेपर्यंत

मानवत,
रविवार, दुपार

प्रिय श्रीराम,

फोनवर तू नुसता "हं, हं" करतोस, म्हणून शेवटी कागद घेऊन बसले. तुझी अक्का शाळेत मराठी शिकवते, तेव्हा माझ्या पत्रात चुका काढायच्या नाहीत, तो हक्क माझा. इकडं सगळं ठीक आहे. ऊन म्हणशील तर भर दुपारी कुत्रंसुद्धा रस्ता ओलांडत नाही. तुझे दाजी काल पाथरीहून आले, आत घोरायलेत, उद्या पहिल्या एस्टीनं परत जातील. आमच्या भक्तीची परीक्षा संपली, आता दिवसभर मोबाइल आणि ती. अण्णांची तब्येत आता बरी आहे. "आता" का लिहिलं ते पुढं कळेल. तुझा सिनेमा आम्ही शेवटपर्यंत बघितला, तूही हे शेवटपर्यंत वाच.

"सावलीघर" पाडव्याला मोबाइलवर आला. भक्तीनं टीव्हीला जोडून दिला. पुरणपोळी खाऊन आम्ही सगळे समोर बसलो. खरं सांगू का, पहिल्या वेळी मला ओ की ठो कळलं नाही. येणाऱ्या काळात बाहेर इतकं ऊन की माणूस उभा राहू शकत नाही, म्हणून माणसांना एका मोठ्या शेडमध्ये खाटांवर निजवून ठेवलंय, डोक्याला वायरींची टोपी, आणि टोपीच्या आत एक खोटं गाव चालू. इथवर ठीक. पण मग त्या गावातली माणसं जागी होतात ती दुसऱ्याच शेडमध्ये, आणि त्या शेडच्या कोपऱ्यात तुझा कॅमेराच उभा दिसतो. म्हणजे गाव खोटं, शेड खोटी, का शूटिंगच खोटं? भक्तीनं मला चित्र काढून समजावलं, एकात एक डबे. इंटरनेटवर पोरं तासतास भांडतात म्हणे यावर. तुला कुणीतरी मुलाखतीत विचारलं, यातलं खरं कोणतं, तर तू म्हणालास, प्रेक्षकानं ठरवावं. ठरवलं बाबा प्रेक्षकानं. आपल्या अण्णांनी ठरवलं.

ते सांगायच्या आधी तुला थाळीची आठवण करून देते. तू म्हणशील, विसरलो कुठं. पण तुझा काही भरवसा नाही. पाथरी रस्त्याची कापसाची बंद जिनिंग तू शूटिंगला घेतलीस, आणि गावातल्या माणसांना, आईला नि मलासुद्धा, खाटांवर निजवलंस. पहिल्या दिवशी तू "कट" म्हणालास की सगळे फिदीफिदी हसायचे आणि "कट" म्हणायच्या आधीच कॅमेऱ्याकडं बघायचे, आता म्हणतोय का मग म्हणतोय. तू बेजार झालास. मग तू घरी येऊन आईची काशाची थाळी आणि लाटणं घेऊन गेलास, आणि सगळ्यांना नियम सांगितलास. थाळी वाजली की आपण आपले. वाजेपर्यंत आपण कुणीच आपले नाही. माणसांना हे लगेच पटलं. "कट" कुणाच्या बापाला माहीत, पण थाळी वाजली की काहीतरी झालं, हे तर सगळ्यांना माहीत होतं.

आई तर केवढी खूश झाली. म्हणाली, हीच थाळी. तू झालास तेव्हा चारठाण्याला आजोळी दगडाबाई सुईणीनं हीच थाळी उंबऱ्यात उभं राहून बडवली होती, साऱ्या आळीला कळावं म्हणून. माझ्या वेळी नव्हती वाजवली. पोरगी झाली की कोण वाजवतंय? मी एकदा आईला विचारलं, तर म्हणाली, तू आलीस तवा मी लय थकले होते बाई, थाळी कुठं ठेवली ते ध्यानातच आलं न्हाई. खोटं बोलायची, पण इतकं गोड बोलायची की माणूस ते खोटं जपून ठेवायचा.

शेवटच्या दिवसाचा तो सीन. आई जागी होते, टोपी काढून ठेवते (त्या टोपीला ती टोपडं म्हणायची), खाटांच्या रांगांमधून चालत, हातात डबा घेऊन, मोठ्या दारातून बाहेर उन्हात जाते. तू तिला रिकामा डबा दिला होतास. ती म्हणाली, रिकामा डबा घेऊन कुणी घराबाहेर पडतं का, आणि घरून पोळ्या आणि वांग्याची भाजी भरून घेऊन आली. पंखे लावून तुम्ही कापसाची भुकटी उडवत होतात, सिनेमात ती राख झाली. मी तिसऱ्या रांगेत खाटेवर बसलेली. मला तू म्हणाला होतास, अक्का, आई समोरून जाईल, पण तुला काहीच वाटत नाही, चेहऱ्यावर रेघ हलू देऊ नकोस. आणि आईला म्हणालास, बाहेर गेलीस की थाळी वाजेपर्यंत मागं वळायचं नाही. ती गेली. दार रिकामं राहिलं. तुला ते रिकामं दार इतकं आवडलं की तू थांबवलंच नाहीस. मग जनरेटर बंद पडला, पोरं तिकडं पळाली, कुणीतरी पॅकअप म्हणून ओरडलं आणि सामान भरायला लागले. थाळी राहिली. आई बाहेर पाठ करून उभीच. लिंबाखाली अण्णा जेवणाची वाट बघत बसले होते, त्यांनी डबा मागितला, तर ओठ न हलवता म्हणाली, गप बसा हो, अजून वाजली न्हाई. आणि अण्णा खरंच गप बसले. पाटबंधारे खात्यात जन्म गेलेला माणूस, नियम म्हटलं की संपलं. नंतर तू धावत आलास, हसू लागलास, तिचे पाय धरलेस. सगळेच हसलो. पण थाळी काही कुणी वाजवली नाही.

त्याची घरात गंमत होऊन बसली. आईला उठायचा कंटाळा आला की म्हणायची, मी अजून शूटिंगमधी हाय, माझी वाजली न्हाई. शेजारच्या सविता मावशीनं काही काम सांगितलं की तेच. मग गेल्या उन्हाळ्यात गच्चीवर पापड वाळत घालून खाली आली, जरा पडते म्हणाली, ती उठलीच नाही. तू रात्रभर प्रवास करून आलास. अग्नी दिलास. तेव्हा तू मान जरा तिरपी करून, एक डोळा बारीक करून बघत होतास, कॅमेरा लावताना बघतोस तसा. मला दिसलं. राग नाही आला, बरं का. मी पण तुझ्याकडं बघतच होते, दुसरं काही करत नव्हते. तेराव्यानंतर तू गेलास तो गेलासच.

आता अण्णांचं. पाडव्याला सिनेमा संपला. ते रिकामं दार कितीतरी वेळ दिसत राहतं, आणि मग त्याच्यावरून नावं वर जायला लागतात. अण्णा म्हणाले, थाळी? भक्ती हसली, म्हणाली, आजोबा, सिनेमात कुठली थाळी. अण्णा म्हणाले, म्हंजे न्हाईच वाजली. आणि उठून झोपायला गेले. दुसऱ्या दिवशी अकरा वाजता मला म्हणाले, डबा भर, वांग्याची भाजी घाल. मला वाटलं बँकेत जायचं असेल, तिथं गर्दी असते. ते गेले जिनिंगला. तिथला वॉचमन भागवत ओळखीचा, त्यानं गेट उघडून दिलं. त्या दारासमोर, लिंबाखाली, डबा मांडीवर घेऊन बसले. लिंबाची सावली दुपारी सरकून भिंतीपलीकडं जाते, पण हे जागचे हलायचे नाहीत. मी जाऊन विचारलं, तर अगदी शांतपणे म्हणाले, तुझी आई तिथं उभी हाय. वाजल्याबिगर ती कशी येईल? नियम श्रीरामनंच केलाय. तुला वाटेल म्हाताऱ्याला चळ लागला. तसं काही नाही रे. लाइटबिलाचा आकडा तोंडपाठ, पेपर पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत वाचायचे. एवढ्या एकाच ठिकाणी ते तुझ्या सिनेमात गेले आणि बाहेर यायचं नाव घेईनात.

रोज, श्रीराम. चैत्र संपला तरी रोज. एक दिवस भागवतनंच त्यांना रिक्षात घालून दवाखान्यात नेलं, उलट्या, डोळे पांढरे. सलाइन लावलं. डॉक्टर मला बाजूला घेऊन म्हणाले, बाई, या वयात, या उन्हात आणखी चार वेळा बसले तर पाचव्यांदा इथं आणू नका. त्या संध्याकाळी मी तुला फोन केला. सगळं सांगितलं. तू म्हणालास, अक्का, हे फार इंटरेस्टिंग आहे. मी फोन ठेवून दिला. तुला काय वाटलं, रेंज गेली?

घरी आणलं त्याच्या दुसऱ्या दिवशी त्यांनी पुन्हा डबा मागितला. मी भरून दिला. ते गेले, आणि मी फडताळातून थाळी काढली, लाटणं घेतलं आणि मागोमाग गेले. भर उन्हात, डोक्यावर पदर, हातात थाळी. रस्त्यावरच्या बायांना वाटलं असेल, मास्तरीण बाईच्या अंगात देवी आली. दाराच्या आतून वाजवायची, तू वाजवायचास तशी, म्हणून शेडमधून फिरून गेले आणि दारात उभी राहून बडवली. काय आवाज आहे रे तिचा. वरच्या पत्र्यावरची पाखरं सगळी उडाली. अण्णांनी मान वर केली. बराच वेळ बघत होते, माझ्याकडं नाही, मधल्या जागेकडं. मग डबा उघडला, अर्धी पोळी खाल्ली, पाणी प्याले आणि म्हणाले, चल बाई, ऊन लय झालं. घरी आल्यावर मोरीत हातपाय धुवायला गेले ते तिथंच खाली बसले आणि रडले. लहान लेकरासारखे, आईचं नाव घेऊन, लीला लीला करत. सविता मावशी भिंतीपलीकडून धावत आली. वर्ष होत आलं, पण मावशी म्हणाली, आज खरी गेली बघ तुझी माय.

तेव्हापासून अण्णा बरे आहेत. आईच्या साड्या त्यांनी स्वतः घड्या घालून कामवाल्या नर्मदाबाईला दिल्या. फोटोला चंदनाचा हार आणला. वरणात हिंग कमी झाला म्हणून काल माझ्याशी भांडले. जिनिंगकडं फिरकत नाहीत. तुझ्या सिनेमातून एक माणूस सुखरूप बाहेर आला, हे तुला कळवायचं होतं.

आणि आता माझं. मला वाटलं होतं, थाळी वाजली की माझंही होईल काहीतरी. मी अण्णांना मोरीतून उठवलं, अंग पुसलं, मावशीला चहा दिला. मला काही झालं नाही. मला काहीच होत नाही, श्रीराम. आई गेल्यापासून मी रडले नाही, हे तुला ठाऊक नसेल, कारण सगळे म्हणाले, ईश्वरीनं केवढं सावरून धरलं. मी काही धरलेलं नाही. मागच्या महिन्यात तव्यावर बोटं भाजली, तर मी बघत राहिले, कुणाचा हात आहे म्हणून. भक्ती ओरडली तेव्हा काढला. वर्गात कविता शिकवते, पोरी रडतात, मी पुढच्या कडव्याला जाते. दाजी बोलतात ते ऐकू येतं, पण खाटेच्या पलीकडून कुणी बोलल्यासारखं. इंटरनेटवर तुझ्या सिनेमाबद्दल कुणीतरी लिहिलंय, तिसऱ्या रांगेतल्या बाईचा मख्ख चेहरा अंगावर काटा आणतो, ती कोण नटी आहे? भक्तीनं मोठ्या कौतुकानं वाचून दाखवलं. आई समोरून डबा घेऊन गेली, मागं वळली नाही, आणि तू सांगितलंस तसं मी काही वाटू दिलं नाही. मी तुझं ऐकलं. अजून ऐकतेय.

तो सीन एकच होता ना? मग त्या दिवशी आईची वाजली नाही, तशी माझीही नाही वाजली. अण्णांसाठी मी बडवली खरी, पण आपल्याच हातानं वाजवलेली आपल्याला लागू होत नाही, तसा नियमच नाही. म्हणून लिहायला बसले. पुढच्या महिन्यात आईचं वर्षश्राद्ध आहे, अण्णा तुला तारीख कळवतील. कामं आहेत, मीटिंग आहे, असलं काही सांगू नकोस. थाळी मी चिंचेनं घासून ठेवली आहे, लाटणंही तेच आहे. तू ये, आपल्या उंबऱ्यात उभा राहा आणि माझ्यासाठी एकदा वाजव, आळीला ऐकू जाईल अशी. मी जन्मले तेव्हा कुणी वाजवली नव्हती, आता तू वाजव. मग लाटणं माझ्याकडं दे. कॅमेऱ्यामागं उभ्या असलेल्या माणसासाठी कुणी थाळी वाजवत नाही, हे मला त्या दिवशी स्मशानात तुझा बारीक केलेला डोळा बघून कळलं होतं. तुझी मी वाजवीन. पुढं रडू येईल का नुसती भूक लागेल, मला माहीत नाही. वांग्याची भाजी करून ठेवते. तू ये.

तिसऱ्या रांगेतून,
तुझीच,
अक्का