सात हंगामांची घटिका

कोल्हार,
दि. ६ मे २०२४

चि. सौ. पंकजा हिस, मथुराचे अनेक आशीर्वाद. वि. वि.

फोन तू मधेच ठेवलास म्हणून पत्र लिहिते आहे. शिवाय पाटीवर तुझी अक्षरं मीच गिरवून घेतली, ती मोडू नयेत एवढी मास्तरीण अजून माझ्यात शिल्लक आहे. तुझ्या दाजींचे गुडघे तसेच आहेत. कुरकुर मात्र वाढली आहे.

तुमच्या विहिरीचा गाळ काढताना आजोबांची घटिका सापडली, हे मला परक्या माणसाकडून कळावं? बुडाला भोक असलेली ती तांब्याची वाटी आजोबा लग्नात घंगाळातल्या पाण्यावर सोडून बसायचे. ती भरून बुडाली की मुहूर्त. एका लग्नात ती बुडाली आणि नवरी आपलं माहेरच विसरली, म्हणून त्यांनी ती विहिरीत टाकली, असं आई सांगायची. आपल्याला ती गोष्टच वाटायची. आता ऐकते की तू वाटी पाण्यात सोडतेस आणि तुला आई दिसते.

माझा जळफळाट झाला, कशाला लपवू? आईने सात हंगाम ऊसतोडीला तुला सोबत नेलं आणि मला शाळेपायी आजीपाशी ठेवलं. वर्षातले सहा महिने तुझी आई आणि माझं पुस्तक. पुढे मामाच्या मुलाला, कारभारीला, तुलाच दिली, म्हणजे आजोळही तुझंच झालं. आता गेलेली आईसुद्धा तुझ्याच माजघरात येणार का? घटिका मला पाठव.

तुझी,
मथुरा

•

तिसगाव,
दि. १३ मे २०२४

ती. सौ. अक्काच्या पायावर डोकं ठिवून पंकजाचा नमस्कार. पत्र पोचलं.

फोन ठिवला तो रागानं न्हाई, भ्यानं. यांनी वाटी चिंचंनं घासून दिली आन मी सहज पान्यात सोडली. ती बुडंपतूर मी ऊसतोडीवरच्या कोपीत, पाचटाच्या खोपटात हुते, आईच्या मांडीवर. धुराचा वास सुदिक आला. उठले तर दुसरा दिवस उजाडल्याला आन म्हस वरडून वरडून दमल्याली. एका घटकंला आख्खा दिस जातो, अक्का. आन बदल्यात कायतरी नेती ती. माजी हळद कुनी लावली, कशी लावली, मला कायबी आठवत न्हाई. दोनदा बसले, आता पुन्ना न्हाई.

शेजारची बनुबाई म्हातारी सांगती, दोगी समोरासमोर बसल्या तर वाटी सोडनारीला समोरचीची आठवन मिळती, आन समोरचीची कायमची जाती. ती नवरी तशीच रिकामी झाल्ती. म्हनून वाटी पाठवीत न्हाई. तूच ये. तुला माजी एक सांज देते. एकच. माज्यापाशी लई हायेत, एक गेली तर मरत न्हाई मी.

आन तुला खोटं वाटंल, पन आई तितं सारखं तुजंच नाव घ्यायची. माजी मथी शाळंत गेली आसंल, माजी मथी जेवली आसंल. मला तुजा लई राग यायचा.

दाजींना नमस्कार. लेकरावानी माया हाय ती राहू दे.

तुजी,
पंकी

•

कोल्हार,
दि. १८ मे २०२४

चि. सौ. पंकजा हिस आशीर्वाद.

येत्या शनिवारी येते. कारभारी लेकाकडे पुण्याला जाणार आहेत ना, तेच बरं, बायकांच्या गोष्टीत पुरुषमाणूस नको. एकच सांज घेईन, शब्द देते. आई माझं नाव घ्यायची म्हणतेस, ते माझं मन राखायला लिहिलंस हे मला कळतं. तरी बरं वाटलं.

तुझी,
मथुरा

•

तिसगाव,
दि. १४ जून २०२४

ती. सौ. अक्कास नमस्कार.

तू गेलीस त्याला दोन आठवडे झाले. फोन उचलत न्हाईस. म्हनून आता तुज्याच शिकवल्याल्या अक्षरात इचारते.

आपन बसलो तवा शनिवार हुता. उठलो तवा पुढचा शनिवार. म्हस बनुबाईनं सांभाळली. एका घटकंला एक दिस, मंग सात दिस कुटं गेले? आन वाटी तुज्या पिशवीत कशी गेली?

आई ऊसतोडीला जायची, तवा मी कुटं हुते, ते मला आठवत न्हाई. हे म्हनतात तू आईसंगट जायचीस. तुजं मे म्हैन्यातलं पत्र पन तेच म्हनतं. दहा येळा वाचलं. पन कागद वाचून आईची मांडी आठवती व्हय? मला कोपी दिसत न्हाई, ऊस दिसत न्हाई. शाळा तर न्हाईच न्हाई. तुला शाळा बी मिळाली, आता आई बी मिळाली. माज्या वाट्याला काय ठिवलंस? काल भाकरी थापताना तुजी आठवन आली आन तवा उचलून आपटावा वाटला. इतकं माजं कदी कुनावर जळलं न्हवतं.

घटिका घिऊन ये. समोर बस. माजं मला परत दे.

पंकजा

•

कोल्हार,
दि. २४ जून २०२४

चि. सौ. पंकजा हिस.

आशीर्वाद द्यायला तोंड उरलेलं नाही. रीत म्हणून नावापुरतं लिहिलं.

होय, सात वेळा सोडली; दर वेळी सांजेबरोबर तिचा आख्खा हंगामच माझ्याकडे आला. पहिल्यांदा बुडाली तेव्हा तू विचारलंस, झालं का? दिलेली सांज तुझ्या मनातून गेली होती, त्यामुळे दिली हेच तुला कळेना. मी म्हटलं, अजून नाही. मग दर वेळी तेच विचारलंस आणि दर वेळी मी तेच म्हटलं. सातव्या वेळी तू माझ्याकडे परक्या बाईकडे बघावं तशी बघत होतीस, तरी मी थांबले नाही.

तू खोटं बोलली नव्हतीस. आई माझं नाव घ्यायची. पण घ्यायची ती तुझी वेणी घालताना. नाव माझं आणि केस तुझे. ते बघून माझं पोट भरायला हवं होतं, उलट आग झाली.

घटिका आता नाही. कोल्हारला एसटीतून उतरले ती घरी न जाता पुलावर गेले आणि प्रवरेत टाकली. पश्चात्तापाने टाकली असं तुझे दाजी समजतात. तू परत मागशील म्हणून टाकली, पंकजा. हे तुझ्याशिवाय कुणाला सांगितलेलं नाही.

दर आठवड्याला एक हंगाम लिहून पाठवीन. पाचटाची कोपी, गाडीत उसाच्या हिरव्या वाढ्यांवर तुझं झोपणं, तुझ्या तळव्यात काटा रुतला तेव्हा आईने दाताने काढला ते, सगळं जसं दिसतं तसं. कागदावरून मांडी आठवत नाही हे तुझं खरं आहे. पण माझ्यापाशी दुसरं काही नाही.

एक मात्र लिहिणार नाही. शेवटच्या हंगामात कारखाना बंद झाला त्या दिवशी आईने तुला कडेवर घेतलं आणि कानात एक वाक्य म्हणाली. त्यात माझं नाव नाही. ते तुलाच म्हटलेलं आहे, तुझंच आहे. पण आईने मला असं कधी काही म्हटलं नाही गं. रोज सकाळी डोळे मिटून मी ते ऐकते, आणि ऐकताना ती कडेवरची पोर मीच असते.

लोभ ठेव असं म्हणवत नाही. राग ठेव, पण पत्र पाठव.

मथुरा